पहिली नोंद 'वऱ्हाड': लेखसूचीसाठी डेटाबेसची साधने निवडताना

नागपूरच्या महाल भागातील एका जुन्या वाचनालयाच्या मागच्या खोलीत लाकडी कप्प्यांचे एक कपाट आहे. जुन्या मराठी मासिकांत छापून आलेल्या लेखांची सूची त्यात कार्डांवर हाताने लिहून ठेवलेली आहे. प्रत्येक कार्डावर लेखाचे शीर्षक, लेखक, मासिकाचे नाव, वर्ष, अंक, पृष्ठे आणि विषय यांची नोंद आहे. हे काम वाचनालयाच्या निवृत्त ग्रंथपालांनी एकट्याने, अनेक वर्षे, कामाची वेळ संपल्यावर बसून केले. आम्ही सगळे त्यांना काका म्हणतो. २०२५ च्या जानेवारीत त्यांनी मला बोलावून घेतले आणि कपाटावर हात ठेवून म्हणाले, "ताई, हे कपाट संगणकात घालून द्या; पण उद्या तुम्ही नसलात तरी ते चाललं पाहिजे."

डेटाबेसचे काम मी मिहानमधील एका कंपनीत बरीच वर्षे करते आहे. तेथे साधने आधीच ठरलेली असतात. सर्व्हर कोणता, आवृत्ती कोणती, परवाना कोणाच्या नावावर, हे प्रश्न माझ्यापर्यंत येतच नाहीत. काकांच्या वाक्याने ते सगळे एकदम माझ्यापुढे उभे राहिले, आणि त्यांची उत्तरे शोधताना मी जे शिकले ते येथे सविस्तर लिहून ठेवते आहे, कारण मराठी मजकुराचा डेटाबेस बांधणाऱ्या प्रत्येकाला यातल्या बहुतेक अडचणी येणारच आहेत.

आधी एक गोष्ट स्पष्ट करते. वाचनालयातील पुस्तकांची दाखल नोंदवही, सभासद आणि देवघेव एवढेच संगणकावर आणायचे असेल, तर स्वतः डेटाबेस बांधण्याच्या फंदात पडू नये. त्यासाठी कोहा ही मुक्त प्रणाली आहे, राष्ट्रीय सूचना विज्ञान केंद्राची ई-ग्रंथालय ही प्रणाली आहे, आणि दोन्हींच्या मागे अनेक ग्रंथालयांचा अनुभव आहे. आमचे काम त्याहून वेगळे होते. काकांची कार्डे लेखांची आहेत, त्यांची विषयांची वर्गवारी त्यांनी स्वतः घडवलेली आहे, आणि 'यावरचे प्रत्युत्तर अमुक अंकात पाहा' अशा नोंदींनी कार्डे एकमेकांत गुंफलेली आहेत. ती गुंफण जशीच्या तशी राखायची, तर टेबले, म्हणजे नोंदींचे तक्ते, आपणच बांधणे भाग होते.

साधन निवडताना बहुतेक जण जी चूक करतात ती मीही केली. जे हाताशी सवयीचे होते ते मी प्रथम बसवले. कार्यालयात मी ओरॅकल या डेटाबेसवर काम करते, त्यामुळे ओरॅकलची मोफत आवृत्ती माझ्या लॅपटॉपवर घेतली, शीर्षकासाठी आणि लेखकासाठी कॉलम केले, लांबी अंदाजाने ठरवली आणि पहिली वीस कार्डे भरायला बसले. चौथ्या की पाचव्या कार्डालाच मजकूर कॉलममध्ये मावत नसल्याचा संदेश आला. लेखकाचे आडनाव तर आठ-दहा अक्षरांचेच होते.

कारण मला माहीत असायला हवे होते, पण इंग्रजी मजकुरावर काम करताना ते कधी आडवे आले नव्हते. युनिकोड या, प्रत्येक लिपीच्या चिन्हांना क्रमांक देणाऱ्या पद्धतीत देवनागरीसाठी ०९०० ते ०९७एफ हा पट्टा राखलेला आहे आणि यूटीएफ-८ या पद्धतीने साठवताना त्यातील प्रत्येक चिन्हाला ३ बाइट (साठवणीचे एकक) लागतात. 'नागपूर' हा शब्द डोळ्यांना चार अक्षरांचा दिसतो. युनिकोडच्या हिशेबात न, काना, ग, प, दीर्घ उकार आणि र अशी त्यात ६ चिन्हे आहेत. आणि डिस्कवर तो १८ बाइट जागा घेतो. ओरॅकलमध्ये कॉलमची लांबी सांगताना वेगळे काही नमूद केले नाही, तर ती बाइटमध्ये मोजली जाते. म्हणजे २० लांबीच्या कॉलमात 'नागपूर' मावतो, पण २४ बाइटचा 'नागपूरकर' मावत नाही. लांबी चिन्हांत मोजण्याची सोय तेथे आहे, ती वापरली की प्रश्न सुटतो. दोष अर्थातच माझ्या गृहीतकाचा होता. मात्र त्या संध्याकाळी मी काम थांबवले आणि ठरवले की आता कोणतेही साधन कायमचे बसवण्याआधी त्याची परीक्षा काकांच्या कार्डांवरच घ्यायची.

त्यासाठी मी परीक्षेच्या नोंदींचा एक लहान संच तयार केला. त्यातला पहिला शब्द होता 'वऱ्हाड'. हा शब्द कार्डांवर जागोजागी येतो, आणि तो टंकित करण्याच्या दोन पद्धती प्रचलित आहेत. काही कीबोर्डांवर 'ऱ' हे स्वतंत्र चिन्ह वापरून त्याला हलन्त आणि 'ह' जोडतात. काहींवर साधा 'र', हलन्त, मध्ये एक न दिसणारे जोडचिन्ह आणि मग 'ह' अशी रचना होते. कागदावर आणि पडद्यावर दोन्ही शब्द हुबेहूब सारखे दिसतात. डेटाबेसच्या दृष्टीने ते दोन वेगळे शब्द आहेत. 'ॲ' ची गोष्टही तीच आहे: एक स्वतंत्र चिन्ह आणि 'अ' वर चंद्र देऊन केलेली जोडणी, अशी त्याची दोन रूपे फिरत असतात. युनिकोडचे प्रमाणीकरण करणारे फंक्शन वापरले तरी या दोन्ही जोड्या एकरूप होत नाहीत, कारण प्रमाणीकरणाचे नियम त्यांना समान मानतच नाहीत. हा फरक आपण स्वतः नियम लिहूनच मिटवावा लागतो. हे वेळीच न कळले असते तर 'वऱ्हाड' शोधणाऱ्या अभ्यासकाला निम्मी कार्डे मिळाली असती आणि उरलेली नाहीतच असे त्याला वाटले असते. सूचीसाठी याहून मोठा दोष मी कल्पू शकत नाही.

संचात पुढे 'ळ' ने सुरू होणारा शब्द सापडणे कठीण म्हणून 'ळ' मध्ये असलेले काही शब्द घेतले, 'क्षितिज' आणि 'ज्ञान' घेतले, अनुस्वाराचे काही शब्द घेतले आणि एक ओळ मोडीची घेतली. मोडीची ओळ घेण्याचे कारण असे की काकांच्या मनात पुढे वाचनालयातील काही मोडी कागदांचीही सूची करायची होती. मोडी लिपी युनिकोडमध्ये २०१४ साली, ७.० या आवृत्तीत आली आणि तिच्या चिन्हांना यूटीएफ-८ मध्ये ४ बाइट लागतात. मायएसक्यूएल या दुसऱ्या डेटाबेसमध्ये 'यूटीएफ८' या नावाने जो अक्षरसंच पूर्वापार आहे तो चिन्हामागे ३ बाइटच साठवतो. त्यात देवनागरी व्यवस्थित बसते, मोडी बसत नाही. तेथे 'यूटीएफ८एमबी४' हाच अक्षरसंच घ्यावा लागतो, आणि ८.० या आवृत्तीपासून तोच मुळात दिलेला असतो. जुन्या आवृत्तीवरून डेटाबेस पुढे आणणाऱ्यांनी हे आवर्जून तपासावे. मायक्रोसॉफ्टचा एसक्यूएल सर्व्हर वापरणाऱ्यांनी मराठी मजकुरासाठी एनव्हारकॅर हा कॉलमचा प्रकार घ्यावा आणि क्वेरीत, म्हणजे डेटाबेसला दिलेल्या आज्ञेत, मजकुराच्या आधी 'एन' हे अक्षर लावायला विसरू नये. नाहीतर 'नागपूर' च्या जागी सहा प्रश्नचिन्हे साठवली जातात आणि ती परत कधीच अक्षरे होत नाहीत.

आता निवडीबद्दल. माझ्यापुढे शेवटी दोनच डेटाबेसची नावे उरली, एसक्यूलाइट आणि पोस्टग्रेएसक्यूएल. मायएसक्यूएल आणि मारियाडीबी ही दोन्ही साधने चांगली आहेत आणि आमच्या कामाला पुरली असती. पण काकांची अट दीर्घकाळाची होती, त्यामुळे मालकीचा इतिहास मी पाहिला. मायएसक्यूएलची पहिली आवृत्ती १९९५ ची. ती कंपनी २००८ मध्ये सन मायक्रोसिस्टिम्स या कंपनीकडे गेली, ती दुसरी कंपनी २०१० मध्ये ओरॅकलकडे गेली, आणि मधल्या काळात, २००९ मध्ये, मूळ निर्मात्यांपैकी एकाने मारियाडीबी हा वेगळा फाटा काढला. पोस्टग्रेएसक्यूएल बर्कली येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात १९८६ साली सुरू झालेल्या प्रकल्पातून आले, १९९६ मध्ये त्याला आजचे नाव मिळाले आणि ते आजही कोणा एका कंपनीच्या मालकीचे नाही. त्याची मुख्य आवृत्ती दर वर्षी येते आणि प्रत्येक आवृत्तीला पाच वर्षे दुरुस्त्या मिळतात. ज्या संस्थेकडे संगणकतज्ज्ञ नाही आणि दर वर्षी कोणाला बोलावण्याची ऐपत नाही, तिच्यासाठी हे पाच वर्षांचे निश्चित वचन मला फार मोलाचे वाटते.

एसक्यूलाइटबद्दल मला मनापासून आदर आहे. सगळा डेटाबेस एका फाइलमध्ये असतो, सर्व्हर लागत नाही, पासवर्ड लागत नाही, बसवण्यासारखे जवळजवळ काहीच नसते, आणि ते सार्वजनिक मालकीत खुले केलेले आहे. त्याच्या निर्मात्यांनी २०५० पर्यंत त्याला आधार देण्याचा आपला हेतू जाहीर केलेला आहे. अमेरिकेच्या काँग्रेसच्या ग्रंथालयाने डेटासंच जतन करण्यासाठी शिफारस केलेल्या स्वरूपांत एसक्यूलाइटचा समावेश केला आहे, हे सांगितल्यावर काकांचा चेहरा उजळला होता. तरी मुख्य डेटाबेससाठी मी ते घेतले नाही. एक कारण असे की दोन संगणकांवरून दोघे जण एकाच वेळी कार्डे चढवणार होते, आणि एसक्यूलाइटमध्ये एका वेळी एकालाच लिहिता येते; शिवाय जाळ्यावरच्या सामायिक फोल्डरात ती फाइल ठेवून दोघांनी उघडणे धोक्याचे असते. दुसरे कारण वर्णक्रमाचे होते, आणि ते मला अधिक महत्त्वाचे वाटले.

काकांच्या कपाटात 'ळ' चा क्रम 'ह' नंतर येतो आणि 'क्ष', 'ज्ञ' हे सर्वांत शेवटी, म्हणजे आपण शाळेत शिकलेल्या वर्णमालेप्रमाणे. युनिकोडमध्ये मात्र 'ळ' चा क्रमांक 'ल' आणि 'व' यांच्या मध्ये आहे. 'क्ष' हा 'क' पासून सुरू होतो आणि 'ज्ञ' हा 'ज' पासून. केवळ चिन्हांच्या क्रमांकावरून यादी लावली, तर 'ज्ञान' हे 'ज' च्या कप्प्यात जाऊन पडते आणि ज्याला कपाटाची सवय आहे त्याला ते सापडत नाही. एसक्यूलाइट मुळात अशीच यादी लावते. तिला मराठीचा क्रम शिकवायचा तर वेगळी जोडणी करावी लागते. पोस्टग्रेएसक्यूएलमध्ये १० व्या आवृत्तीपासून, म्हणजे २०१७ पासून, आयसीयू या सॉफ्टवेअर-संचाचे भाषावार क्रमनियम वापरता येतात आणि त्यांत मराठीचा नियमसंच 'एमआर-एक्स-आयसीयू' या नावाने तयार मिळतो. आम्ही शंभर कार्डांची यादी या नियमाने लावून ती कपाटाशी ताडून पाहिली. जेथे काकांचा क्रम वेगळा होता, विशेषतः अनुस्वाराच्या शब्दांत, तेथे त्यांचाच क्रम राखायचा असे ठरवून मी क्रमासाठी एक वेगळा कॉलम केला. अनुस्वार बाराखडीत जेथे येतो तेथेच तो यादीत आला पाहिजे, असा त्यांचा आग्रह होता, आणि चाळीस वर्षे वाचक ज्या क्रमाने कप्पे उघडत आले तो क्रम आपण एका संध्याकाळी मोडू नये, असे मलाही वाटले.

आवृत्ती १७ घेतली. ती सप्टेंबर २०२४ मध्ये आली होती आणि तिच्या दुरुस्त्या नोव्हेंबर २०२९ पर्यंत मिळणार आहेत. नवी मुख्य आवृत्ती निघाली की त्याच आठवड्यात घ्यायची नाही, तिच्यावर एक-दोन दुरुस्त्या येऊ द्यायच्या, हा कार्यालयातील शिरस्ता मी येथेही पाळला.

इन्स्टॉलर उतरवताना काय काळजी घ्यावी, हे सांगायलाच हवे, कारण माझ्या भाचीच्या वर्गातील मुले शोधयंत्रात नाव टाकून सर्वांत वर दिसणाऱ्या दुव्यावर जातात आणि तो पुष्कळदा जाहिरातीचा असतो. साधनाच्या अधिकृत संकेतस्थळाचा पत्ता स्वतः टंकित करून तेथूनच फाइल घ्यावी. जेथे फाइल मूळचीच आहे हे ताडण्यासाठी एसएचए-२५६ ची खूण दिलेली असते तेथे ती विंडोजमधील सर्टयुटिल या आज्ञेने ताडून पाहावी. त्याला अर्धे मिनिट लागते. आणि सशुल्क साधनांच्या कुलूप तोडलेल्या प्रती कोणत्याही कारणाने संस्थेच्या संगणकावर आणू नयेत. मोफत आणि मुक्त साधने आज इतकी सक्षम आहेत की आमच्यासारख्या कामात त्याची गरजच पडत नाही, आणि अशा प्रतीबरोबर संगणकात आणखी काय शिरले हे आपल्याला कधीच कळत नाही.

विंडोजवर पोस्टग्रेएसक्यूएलचा इन्स्टॉलर मोजकेच प्रश्न विचारतो, पण त्यांतील प्रत्येक उत्तर पुढची अनेक वर्षे आपल्याबरोबर राहते. डेटा कोणत्या फोल्डरात ठेवायचा, या प्रश्नाला बहुतेक जण दिलेले उत्तर तसेच ठेवून पुढे जातात. मी डेटा फोल्डर डी ड्राइव्हवर घेतला. आपल्याकडे संगणक बिघडला की दुरुस्ती करणारा सी ड्राइव्ह पुसून विंडोज नव्याने टाकतो, हे मी इतक्या ठिकाणी पाहिले आहे की ते गृहीत धरूनच चालावे. मात्र त्या फोल्डरवर पोस्टग्रेएसक्यूएलची सेवा (पडद्यामागे सतत चालणारा प्रोग्राम) ज्या खात्याने चालते त्या नेटवर्क सर्व्हिस खात्याला पूर्ण परवानगी असावी लागते, नाहीतर सेवा सुरूच होत नाही. डेटा फोल्डर शाबूत राहिला तरी तो त्याच मुख्य आवृत्तीने उघडतो, हेही लक्षात ठेवावे. म्हणून फोल्डर जपणे हा बॅकअपला पर्याय नाही. पोर्ट, म्हणजे सर्व्हरशी जोडणी करण्याचा क्रमांक, ५४३२ हाच ठेवला. एन्कोडिंग यूटीएफ-८ आहे याची खात्री केली. मुख्य पासवर्ड कागदावर लिहून बंद पाकिटात घातला आणि ते पाकीट वाचनालयाच्या तिजोरीत काकांच्या हाती दिले. रोजच्या कामासाठी दुसरे खाते केले, ज्याला नोंद घालता येते आणि दुरुस्त करता येते, पण टेबल पुसता येत नाही.

वाचनालयाचा संगणक जुना, ४ जीबी स्मृतीचा आहे. पोस्टग्रेएसक्यूएल मुळात स्वतःसाठी १२८ एमबी सामायिक स्मृती राखते, त्यामुळे या यंत्रावर ते निवांत चालते. कार्यालयात मी डॉकरमध्ये, म्हणजे संगणकातील एका वेगळ्या बंदिस्त कप्प्यात, सर्व्हर उभा करते आणि विकासकाच्या यंत्रावर ती पद्धत फार सोयीची आहे, कारण काम झाले की सगळे काढून टाकता येते आणि दोन आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवता येतात. वाचनालयात ती नेली नाही. तेथे बसणाऱ्या माणसाला 'सेवा सुरू आहे का ते पाहा' एवढे फोनवर सांगता यावे, हा माझा निकष होता.

क्वेरी लिहिण्यासाठी आणि टेबले पाहण्यासाठी कोणते साधन घ्यावे, यावर विद्यार्थी फार वेळ घालवतात. माझ्या मते ही निवड सर्वांत कमी जोखमीची आहे, कारण ती केव्हाही बदलता येते. डेटाबेस बदलणे मात्र घर बदलण्यासारखे असते. इन्स्टॉलरबरोबर पीजीॲडमिन येतेच आणि सर्व्हरची देखभाल करण्यासाठी ते पुरेसे आहे. रोजच्या कामासाठी मी डीबीव्हरची कम्युनिटी आवृत्ती घेतली. तिच्यातून पोस्टग्रेएसक्यूएल, एसक्यूलाइट आणि मायएसक्यूएल या तिन्हींशी बोलता येते, टेबलांमधील नाती आकृतीत दिसतात आणि देवनागरी मजकूर ओळी-रकान्यांच्या तक्त्यात स्वच्छ दिसतो. एकच अडचण येते: प्रत्येक प्रकारच्या डेटाबेसला प्रथम जोडताना ती त्याचा ड्रायव्हर (जोडणी करून देणारी फाइल) इंटरनेटवरून उतरवते. वाचनालयात इंटरनेट नव्हते. पहिल्या दिवशी महालातल्या त्या खोलीत बसून माझा पाऊण तास त्यात गेला. दुसऱ्या दिवशी मी ड्रायव्हरची फाइल घरून पेन ड्राइव्हवर नेली आणि हाताने जोडली. ज्यांना इंटरनेट नसलेल्या जागी काम करायचे आहे त्यांनी ही तयारी घरीच करून निघावे.

पीएसक्यूएल हे आज्ञा टंकित करण्याचे साधन प्रत्येकाने थोडे तरी शिकावे. विंडोजच्या काळ्या खिडकीत ते उघडल्यावर अक्षरपृष्ठ (त्या खिडकीची अक्षरे वाचण्याची पद्धत) जुळत नसल्याची सूचना येते आणि देवनागरी चौकोनांत दिसते. 'सीएचसीपी ६५००१' ही आज्ञा आधी दिली की अक्षरपृष्ठ यूटीएफ-८ होते. जोडाक्षरे तरीही नीट दिसतीलच असे नाही, पण साठवलेला मजकूर शुद्ध असतो, आणि न दिसणे व चुकीचे साठवले जाणे यांतला फरक विद्यार्थ्यांनी लवकर शिकावा.

भाचीचा उल्लेख आला म्हणून तिच्या लॅपटॉपची हकिगत सांगते. ती अभियांत्रिकीच्या तिसऱ्या वर्षाला आहे आणि या कामात तिने मला फार मदत केली. अभ्यासासाठी तिने मायएसक्यूएल बसवले आणि रात्री मला फोन केला, "मावशी, हे तर सुरूच नाही होऊन राहिलं!" तिच्याकडे आधीपासून एक्सएएमपीपी हा वेबसाइट बनवण्याच्या साधनांचा संच होता. त्यात मारियाडीबी असते आणि तेही ३३०६ याच पोर्टवर बसलेले असते. एका पोर्टवर दोन सर्व्हर बसू शकत नाहीत. 'नेटस्टॅट' या आज्ञेने पोर्ट कोणाच्या ताब्यात आहे ते आम्ही फोनवरच पाहिले, एक सेवा थांबवली आणि काम झाले. तिने तोवर तीन वेळा सगळे काढून पुन्हा बसवले होते. साधन सुरू होत नसेल तर ते पुन्हा बसवण्याआधी त्याची नोंदफाइल उघडून वाचावी. कारण त्यात जवळजवळ नेहमीच लिहिलेले असते.

साधने बसली तरी मजकूर आत आणण्याचे काम उरतेच, आणि आमचा सर्वाधिक वेळ तेथेच गेला. काही वर्षांपूर्वी वाचनालयातील कोणीतरी दोन कप्प्यांची कार्डे एक्सेलमध्ये टंकित करून ठेवली होती. फाइल उघडली की मराठी दिसायचे, पण डीबीव्हरमध्ये आणले की रोमन अक्षरे आणि चिन्हांची गर्दी दिसायची. ती फाइल युनिकोडपूर्व फाँटात होती. अशा फाँटात रोमन अक्षरांच्या जागी देवनागरी आकार चितारलेले असतात. संगणकाच्या लेखी तो मजकूर मराठी नसतोच. हे ओळखण्याची सोपी युक्ती अशी की मजकूर उचलून नोटपॅडमध्ये टाकावा. तेथे मराठी दिसले तर तो युनिकोड आहे. आम्ही परिवर्तक वापरून तो बदलला, पण रफार, ऱ्हस्व वेलांटी आणि अर्धी अक्षरे यांत परिवर्तक चुकतात, म्हणून दोन्ही कप्प्यांची प्रत्येक ओळ मूळ कार्डाशी ताडून वाचावी लागली. भाचीने वाचायचे आणि काकांनी कार्ड धरायचे, असे ते काम मार्चभर चालले.

एक्सेलमधून सीएसव्ही, म्हणजे स्वल्पविरामांनी रकाने वेगळे केलेली साधी फाइल, करताना आणखी एक सापळा आहे. साधा सीएसव्ही हा प्रकार निवडला तर देवनागरीची प्रश्नचिन्हे होतात. 'सीएसव्ही यूटीएफ-८' हाच प्रकार निवडावा लागतो. त्या प्रकारात फाइलच्या अगदी सुरुवातीला एक न दिसणारी खूण येते आणि ती पहिल्या कॉलमच्या नावाला चिकटते. कॉलमचे नाव डोळ्यांना बरोबर दिसते आणि तरीही ते सापडत नसल्याचा संदेश येतो, तेव्हा ही खूण आठवावी.

'वऱ्हाड' चा प्रश्न आम्ही असा सोडवला की मूळ शीर्षक काकांनी लिहिले तसेच एका कॉलममध्ये राहते, आणि शोधासाठी त्याचे एक प्रमाण रूप दुसऱ्या कॉलममध्ये आपोआप तयार होते. त्या रूपात न दिसणारी जोडचिन्हे निघून जातात, दोन्ही प्रकारचे 'ऱ' एक होतात आणि 'ॲ' चेही एकच रूप उरते. वाचकाने शोधासाठी दिलेला शब्दही याच नियमांतून जातो. नियम पाच-सहाच आहेत, पण ते लिहिण्याआधी मी काकांना प्रत्येक नियम कार्डांवरील उदाहरणासह दाखवला, कारण शुद्धलेखन सुधारण्याचा मोह सॉफ्टवेअर लिहिणाऱ्याला होतो आणि जुन्या लेखांची शीर्षके ज्या शुद्धलेखनात छापली गेली त्याच शुद्धलेखनात राहिली पाहिजेत.

मे महिन्यात कार्डे चढवत असताना दुपारी वीज गेली आणि त्या दिवशी यूपीएसनेही साथ दिली नाही. संगणक पुन्हा सुरू केल्यावर पोस्टग्रेएसक्यूएलने आपल्या पूर्वलेखनाच्या नोंदीवरून स्वतःला सावरले आणि जतन केलेली शेवटची नोंद जागेवर होती. प्रत्येक बदल आधी नोंदीत लिहायचा, ती नोंद डिस्कवर पोहोचल्याची खात्री करायची आणि मगच 'झाले' म्हणायचे, ही त्याची पद्धत आहे. वेग वाढवण्यासाठी ही खात्री बंद करण्याचा सल्ला काही ठिकाणी दिला जातो. नागपूरच्या उन्हाळ्यात तो सल्ला कोणीही मानू नये.

बॅकअप रोज संध्याकाळी पोस्टग्रेएसक्यूएलच्या पीजीडंप या साधनाने घेतला जातो आणि आठवड्यातून एकदा पेन ड्राइव्हवर काकांच्या घरी जातो. महिन्याच्या शेवटी सगळ्या सूचीची एक प्रत एसक्यूलाइटच्या फाइलमध्येही निघते. पुढे कधी पोस्टग्रेएसक्यूएल चालवणारे कोणी उरले नाही, तरी ती एक फाइल उघडून वाचता येईल.

बसवण्याची प्रत्येक पायरी मी एका शंभर पानी वहीत मराठीत लिहिली: फाइल कोठून घेतली, कोणती आवृत्ती, कोणत्या प्रश्नाला काय उत्तर दिले, डेटा कोठे आहे, दोन खाती कोणती, सेवा कशी पाहायची, आणि विंडोज किंवा आयसीयूची आवृत्ती बदलल्यावर क्रमाच्या निर्देशिका (इंडेक्स) पुन्हा का बांधाव्या लागतात. ऑक्टोबरच्या १४ तारखेला विंडोज १० च्या दुरुस्त्या थांबल्या आणि वाचनालयाने दिवाळीनंतर एक नवा संगणक घेतला. तो बसवायला मी मुद्दाम गेले नाही. भाची वही आणि पेन ड्राइव्ह घेऊन गेली, काका शेजारी बसले, आणि दोन ठिकाणी त्यांना माझी वही अपुरी पडली: सेवेच्या खात्याला परवानगी कोठून द्यायची ते मी लिहिले होते, पण कोणत्या खिडकीत हे लिहायचे राहिले होते, आणि ड्रायव्हरच्या फाइलचे नाव चुकले होते. ती दोन्ही पाने आम्ही नंतर नव्याने लिहून घेतली. संध्याकाळी साडेसहाला भाचीचा संदेश आला. नव्या यंत्रावर 'वऱ्हाड' दोन्ही पद्धतींनी टंकित करून पाहिला होता आणि दोन्ही वेळा तेवढीच कार्डे आली होती.